ओझ्याचे उंट वाळवंटात कसे चालवावेत: लष्करी तांड्याची पद्धत, टप्प्याटप्प्यानं

१८३८ च्या अखेरीस कंपनी सरकारची फौज सिंधमार्गे अफगाणिस्तानकडे निघाली, तेव्हा तिच्या सामानासाठी सुमारे ३०,००० उंट होते. त्यांतले हजारो वाटेतच मेले. सपाटीवर वाढलेले उंट बोलन खिंडीतल्या दगडगोट्यांवर नेले, ओझी हाताला येतील तशी लादली, हाकणारे संधी मिळताच पळून गेले आणि दिवसभर चालवलेल्या जनावराला चरायला वेळच उरला नाही. चाळीस वर्षांनी दुसऱ्या अफगाण युद्धात हेच सगळं पुन्हा झालं आणि पुन्हा हजारोंनी उंट गेले. दोन्ही वेळा तहानेनं मेलेले उंट होतेच, पण उपाशी, पाठ सोललेले आणि थकलेले त्याहून जास्त होते.

पुढचं सगळं वाचताना एवढं डोक्यात ठेवा: उंटाला पाणी एखादा दिवस उशिरा मिळालं तर तो निभावून नेतो, चरायचे तास कापले तर निभावत नाही. तांड्याचं वेळापत्रक विहिरींवरून आखणारे फसतात. ते चराईवरून आखायचं असतं.

लष्करी इतिहास वाचणाऱ्यांना, वाळवंटातली मोहीम कादंबरीत उभी करणाऱ्यांना किंवा थारमध्ये चार-पाच दिवसांची पदयात्रा उंटांवर सामान घालून काढू पाहणाऱ्यांना हा लेख उपयोगी पडेल. यातली पद्धत ब्रिटिश-हिंदी फौजेच्या वाहतूक खात्याची, बिकानेर संस्थानच्या गंगा रिसाल्याची, म्हणजे तिथल्या उंटस्वार दलाची, आणि या दोघांनीही ज्यांच्याकडून शिकून घेतलं त्या राईका-रबारी उंटपाळांची आहे.

आपल्याकडे उंट म्हटला की सांडणीस्वार आठवतो. शिवकालीन अठरा कारखान्यांत उष्ट्रखाना होताच, आणि अब्दालीच्या उंटांवरच्या जंबुरक्यांनी, म्हणजे छोट्या तोफांनी, पानिपतावर काय केलं हेही आपण वाचलेलं असतं. पण सांडणी वेगासाठी आणि जंबुरक्याचा उंट तोफेसाठी. इथे विषय आहे तो तिसऱ्याचा, मुकाट ओझं वाहणाऱ्याचा. बखरींत त्याला फारशी जागा मिळालेली नाही.

पहिला टप्पा: उंट मोजण्याआधी वजन मोजा

हिंदी फौजेचा जुना हिशेब एका उंटाला पाच मणांचा, म्हणजे साधारण १८० किलोंचा. धिप्पाड बिकानेरी उंट थोड्या अंतरासाठी याहून बरंच जास्त उचलतो आणि मालक तुम्हाला ते करूनही दाखवील. त्याला भुलू नका. रोज चालायचं असेल, वाळू मऊ असेल, तर पलाण (ओझ्याचं खोगीर) सोडून १६० किलो धरा.

आता १०० माणसांची तुकडी तीन दिवसांसाठी विहीर नसलेल्या भागात जाणार आहे असं समजू. माणशी रोज ८ लिटर पाणी धरलं तर २,४०० लिटर लागतं. पाणी हिंदकळतं, टाक्यांचं आणि दोरांचं वजन वेगळं, म्हणून एका उंटावर १२० लिटरच. झाले २० उंट, आणि अजून पाण्याखेरीज काहीच लादलेलं नाही. माणशी रोज दीड किलो शिध्याचे ४५० किलो, म्हणजे ३ उंट. दारूगोळा, औषधं, बिनतारी यंत्रं, स्वयंपाकाची भांडी, सरपण यांना मिळून ६ धरू. बेरीज २९.

इथेच बहुतेक जण थांबतात आणि इथेच चुकतात. या उंटांना वाटेत चरायला मिळणार नसेल तर त्यांचा चाराही न्यावा लागेल, आणि तो नेणारे उंटही खाणार आहेत. उंटामागे रोज १० किलो सुका चारा धरला तर आणखी ८ उंट. वाटेत लंगडणारे, पाठ सोलवटणारे यांच्या जागी ४ राखीव. एकूण ४१. चराई बरी असेल तर चाऱ्याचे उंट निम्म्यावर येतात. म्हणून निघण्यापूर्वी माणूस पाठवून वाटेवर खेजडी, बोर, फोग, लाणा ही चराईची झाडंझुडपं किती आहेत ते बघून घ्यायचं. पाणी कुठे आहे हे गावकरी सांगतातच, चारा कुठे आहे हे खोदून विचारावं लागतं.

हिशेब कमी पडला की काय होतं ते १८८४-८५ मध्ये सुदानात दिसलं. खार्तूममध्ये अडकलेल्या ब्रिटिश जनरल गॉर्डनच्या सुटकेसाठी स्टुअर्टची ब्रिटिश तुकडी कोर्तीहून बयुदा वाळवंटातून निघाली. उंट पुरेसे नव्हते. म्हणून जकदुलच्या विहिरींपर्यंत जाऊन सामान उतरवलं आणि तेच उंट उरलेल्या सामानासाठी परत कोर्तीला फिरवले. दुहेरी फेरी, अपुरा चारा, अपुरं पाणी. १७ जानेवारी १८८५ ला अबू क्लेआची लढाई झाली तोवर जनावरं कोसळू लागली होती. खार्तूम २६ जानेवारीला पडलं, मदतीच्या बोटी तिथे पोचल्या २८ ला. उशिराला कारणं अनेक होती, लंडनमधली चालढकल त्यांत पहिली. तरी सुरुवातीला आणखी काही शे उंट असते तर ती दुहेरी फेरी टळली असती.

दुसरा टप्पा: उंट निवडणं

वय सहा ते बारा. सातव्या वर्षाच्या आसपास सुळे येऊन तोंड पूर्ण होतं, त्यामुळे दातांवरून वय बऱ्यापैकी कळतं. तीन-चार वर्षांचा उंट नकेल घालून शिकवायला घेतात. त्याच्यावर पूर्ण ओझं टाकलं की तो कायमचा खराब होतो.

जैसलमेरी उंट सडपातळ, लांब पायांचा, सवारीचा. बिकानेरी जड हाडांचा, ओझ्याचा आणि गाड्याचा. दोन्ही एकाच तांड्यात घेतले तर चालींचा मेळ बसत नाही.

मदार बघा: घट्ट आणि उभी असेल तर अंगात चरबी आहे. मदारीत पाणी नसतं, चरबी असते, आणि तोच मोहिमेतला राखीव शिधा. मग छातीखालचा घट्टा आणि पुढच्या पायाचं कोपर यांत बोटं घालून पाहा. चालताना कोपर घट्ट्याला घासत असेल तर काही दिवसांत तिथे जखम होणारच, असा उंट कितीही देखणा असला तरी सोडा. तळवे उचलून तपासा, काप किंवा जुनी भोकं असतील तर तो दगडाळ वाटेवर टिकणार नाही. शेवटी अर्धं ओझं घालून उठवा. एका दमात, सरळ उठला पाहिजे.

नरांचा माज हिवाळ्यात असतो, साधारण नोव्हेंबर ते मार्च, आणि नेमका तोच थारमध्ये हिंडायचा हंगाम. माजावर आलेला उंट तोंडाला फेस आणतो, गुलाबी टाळू फुगवून बाहेर काढतो, खाणं सोडतो आणि चावतो. उंटाचा चावा हाड मोडू शकतो. अशा दिवसांत सांडण्या आणि नर एकत्र नेऊ नका, माजलेल्या नराला रांगेच्या शेवटी ठेवा आणि नवशिक्याला त्याच्याजवळ फिरकू देऊ नका.

आणखी एक गोष्ट कागदावर येत नाही. उंट ज्या मुलुखात वाढला त्याच मुलखातल्या झाडाझुडपांची त्याला ओळख असते. मैदानातून आणलेले उंट अफगाण डोंगरात कण्हेर खाऊन मेले, स्थानिक उंट तिला तोंड लावत नव्हते. परक्या प्रदेशात जायचं तर तिथलेच उंट आणि तिथलाच माणूस घ्या.

तिसरा टप्पा: सारवान

उंट हाकणारा तो सारवान. तीन उंटांमागे एक असं प्रमाण ठेवायचं, चौथा उंट दिला की कुणाची तरी पाठ तपासायची राहते. ब्रिटिशांच्या पंजाबातल्या शिलेदार उंट-दलांत सारवान आपापल्या मुलखातून उंटांसह येत. आपल्या घरचं जनावर असलं की माणूस त्याच्या पलाणाखाली घडी नीट बसली की नाही ते रात्रीही उठून बघतो. पगारी नोकराला हे शिकवता येतं, पण वेळ लागतो.

थारमध्ये उंट बसवायला ‘झे, झे’ करतात. ही हाक, दोरीचा हलका झटका आणि मानेवर हाताचा स्पर्श एवढ्यावर शिकलेला उंट बसतो. नकेल म्हणजे नाकात घातलेली लाकडी खुंटी, ती दिशा दाखवायला असते. ओढून नाक फाडणारा सारवान पहिल्याच दिवशी घरी पाठवा.

चौथा टप्पा: पलाण आणि लादणी

पलाणाचं तत्त्व एका वाक्यात सांगता येतं: वजन बरगड्यांवर आलं पाहिजे, कण्यावर आणि मदारीवर नाही. गाद्या मदारीच्या दोन्ही अंगांना बसतात, मधून वारा खेळला पाहिजे. लादून झाल्यावर कण्यावरून हात सरळ घालून बघा. हात अडकला तर उतरवा आणि पुन्हा घाला. उंट मोहिमेत बारीक होत जातो, त्यामुळे पहिल्या दिवशी चपखल बसलेलं पलाण आठव्या दिवशी हाडावर येतं. गाद्यांत भरायला जादा भुसा आणि शिवायला दाभण-सुतळी प्रत्येक सारवानाकडे हवी.

लादणी अशी. उंट बसवा, पुढचा एक गुडघा दुमडलेल्या स्थितीत दोरीनं बांधा म्हणजे तो अर्धवट उठणार नाही. दोन्ही बाजूंची ओझी आधीच तराजूत तोलून, जोड्या लावून ठेवलेली असतात. दोन माणसांनी दोन्ही बाजूंनी एकाच वेळी उचलून अडकवायची, मागेपुढे झालं की पलाण फिरतं. ओझं उंचावर आणि जवळ राहिलं पाहिजे, पोटाखाली लोंबता कामा नये. तंग, म्हणजे पलाणाचा पोटपट्टा, शेवटी आवळा आणि दहा-पंधरा मिनिटं चालल्यावर पुन्हा एकदा आवळा.

पाण्याचं ओझं सगळ्यांत वाईट. अर्धी भरलेली टाकी हिंदकळून उंटाचा तोल घालवते, म्हणून टाक्या एकामागून एक रिकाम्या करायच्या, आणि त्याही एकाच उंटाच्या दोन्ही बाजूंच्या बरोबरीनं. पूर्वी कातडी पखाली असत. पहिल्या महायुद्धातल्या सिनाईच्या मोहिमेत पत्र्याच्या टाक्या होत्या, त्यांच्या कडा उंटाला लागत. आज प्लास्टिकचे कॅन सोयीचे, फक्त त्यांच्यामागे गोणपाटाची जाड घडी घाला.

पाचवा टप्पा: दिवसाचं वेळापत्रक

सगळ्यांत जास्त भांडणं यावरूनच होतात, कारण माणसांची सोय आणि उंटांची सोय इथे जुळत नाही.

ओझ्याचा उंट ताशी सुमारे ४ किलोमीटर चालतो. सहा तासांत २५ किलोमीटर झाले, तो दिवस पुरे. त्याला रोज किमान सहा तास, जमल्यास आठ, चरायला हवेत, आणि तेही उजेडी. रात्री मोकळा सोडला तर तो नीट चरत नाही, भटकतो किंवा बसून राहतो. रात्र त्याची रवंथ करण्याची. म्हणजे हिशेब सरळ आहे: दिवसाचा मोठा भाग चराईला, रात्रीचा बराचसा रवंथ आणि विश्रांतीला, आणि उरलेल्या फटीत तुमचा प्रवास.

उन्हाळ्यात रात्री दोनला उठा, तीनला निघा, नऊला मुक्काम करा. उन्हाचा चटका वाढण्याआधी ओझी खाली. मग पुढच्या पायांना पायबंद घालून उंट चरायला सोडा. भर दुपारी ते आपणहून थांबतील, उन्हाकडे तोंड करून बसतील म्हणजे अंगाचा कमीत कमी भाग तापतो, आणि कलतं ऊन झालं की पुन्हा चरू लागतील. सूर्यास्ताला गोळा करून बसवा. हिवाळ्यात सकाळी सहा-सातला निघून दुपारी बारा-एकपर्यंत थांबलात तरी चालतं.

संध्याकाळभर चालून मध्यरात्री मुक्काम करायचा मोह अनेकांना होतो, कारण माणसांना ते थंडगार आणि सुखाचं वाटतं. एखाद्या रात्री, शत्रूच्या नजरेतून सुटायला किंवा पाणी गाठायला, जरूर करा. त्याची सवय करू नका. मध्यरात्री थांबलेल्या माणसांना दिवसा झोपायचं असतं आणि उंटांकडे लक्ष द्यायला कुणी जागं नसतं.

वाटेत लादलेले उंट पुन:पुन्हा बसवू नका. ओझ्यासकट उठणं हे त्याच्या दिवसातलं सगळ्यांत कष्टाचं काम. पाच-दहा मिनिटांचा थांबा असेल तर उभेच ठेवा, तासाभराचा असेल तर ओझी उतरवा. शिस्तीचा नियम असा की लादणी सगळ्यांत शेवटी आणि उतरवणी सगळ्यांत आधी, तंबू ठोकण्याच्याही आधी.

चराई कमी असेल तिथे मटकीचा (तिकडची ‘मोठ’) किंवा गवारीचा भुसा आणि खेजडीचा वाळलेला पाला, ज्याला तिकडे लूंग म्हणतात, तो द्या. आपल्याकडे दसऱ्याला पुजतो ती शमी म्हणजे हीच खेजडी. मीठ रोज, मूठ-दोन मुठी. उंटाला इतर जनावरांपेक्षा मीठ खूपच जास्त लागतं. वाटेत लाण्यासारखी खारट झुडपं भरपूर असतील तेवढीच यातून सूट.

सहावा टप्पा: रांग चालवणं

तीन-चार उंटांची एक कतार, प्रत्येकाची दोरी पुढच्याच्या पलाणाला बांधलेली. दोरी आणि पलाण यांच्यामध्ये कच्च्या सुताचा एक तुकडा घाला. पुढचा उंट पडला किंवा बिथरला तर सूत तुटतं, मागच्याचं नाक वाचतं. हजारो रुपयांच्या जनावराची ही चार पैशांची विमा पॉलिसी समजा.

लांबीचा अंदाज घ्या. एका उंटाला साधारण ५ मीटर लागतात. ४१ उंटांची रांग २०० मीटरची, ती डोळ्यांच्या टप्प्यात राहते. पण हजार उंट एकेरी रांगेत चालले तर ५ किलोमीटर होतात आणि पहिला निघाल्यावर सव्वा तासानं शेवटचा हलतो. तोवर त्याच्यावर ओझं चढवून ठेवलं तर तो सव्वा तास फुकट गेला. म्हणून लादणी क्रमानं करायची, आणि मोकळ्या मैदानात कतारी एकमेकींच्या शेजारून चालवायच्या. वेग नेहमी सगळ्यांत हळू उंटाचा. त्याला पुढे ठेवा.

वाळूचा उंट चिखलावर निकामी. गुळगुळीत तळवे घसरतात, मागचे पाय फाकतात आणि जनावर कायमचं जायबंदी होतं. पाऊस झालेल्या चिकण जमिनीवरून जावंच लागलं तर मागचे दोन्ही पाय घोट्याच्या सांध्यावर सैल दोरानं एकमेकांना जोडा, पावलं टाकता यावीत पण फाकता येऊ नयेत इतपत. दोन-चार तास थांबून जमीन सुकू देणं याहून शहाणपणाचं.

सातवा टप्पा: पाणी पाजणं

शरीराच्या वजनाच्या पावभर पाणी गमावूनही उंट जगतो आणि मग एका बैठकीत १०० लिटरपर्यंत पिऊ शकतो. अंगाचं तापमान तो रात्री ३४ अंशांपर्यंत उतरू देतो आणि दुपारी ४० च्या पुढे चढू देतो, त्यामुळे घाम वाचतो. हे सगळं खरं आहे आणि याच माहितीनं कित्येक अधिकाऱ्यांचा घात केला. हिरवा चारा खाणारा मोकळा उंट हिवाळ्यात आठवडेच्या आठवडे पाण्याविना राहतो, म्हणून ओझं वाहणाराही राहील असं त्यांनी धरलं. उन्हाळ्यात काम करणाऱ्या उंटाला दर दोन-तीन दिवसांनी पाणी द्या. ताण द्यायचाच असेल तर तो खरोखर लागेल त्या दिवसासाठी राखून ठेवा, सराव म्हणून देऊ नका.

पाजण्याची शिस्त अशी: कुंड आधी भरून घ्या, मग एकेक कतार आणा. उंटाला घाई नको. पहिल्यांदा पिऊन तो मान वर करतो, इकडेतिकडे बघतो आणि अनाडी माणूस त्याला ‘झालं’ समजून हाकतो. पंधरा-वीस मिनिटं थांबा, तो पुन्हा पितो. उंटामागे ६० लिटर धरले तर ४१ उंटांना सुमारे अडीच हजार लिटर झाले. विहिरीतून तेवढं शेंदायला किती वेळ लागेल ते पोचण्याआधी काढून ठेवा. पाजल्यावर लगेच लादू नका.

पहिल्या महायुद्धात सिनाईत इंग्रजांनी प्रश्नच उलटा सोडवला. रेल्वे आणि पाण्याची नळवाट वाळवंटातून पुढे पुढे नेली आणि उंट फक्त शेवटच्या टप्प्यापुरते ठेवले, नळाच्या तोंडापासून आघाडीपर्यंत. त्या इजिप्शियन उंट वाहतूक दलात युद्धभरात ७० हजारांहून जास्त उंट लागले. सुएझ कालव्याच्या रक्षणात बिकानेरच्या महाराजा गंगासिंहांचा गंगा रिसालाही होता. स्वातंत्र्यानंतर तो ग्रेनेडियर्स रेजिमेंटच्या १३ व्या बटालियनमध्ये सामावला. आज सीमा सुरक्षा दलाचे उंट सीमेवर गस्त घालतात ते याच तत्त्वावर: जीप जाईल तिथवर जीप, पुढे उंट.

आठवा टप्पा: पाठी आणि रोग

रोज ओझं उतरवल्यावर पलाण लगेच काढू नका. तंग सैल करा, घाम सुकू द्या, अर्ध्या तासानं काढा आणि पाठीवरून तळहात फिरवा. गरम किंवा सुजलेली जागा लागली की त्या उंटावर उद्या ओझं नाही. याच कामासाठी राखीव उंट आहेत.

रोगांत सर्वांत वाईट सर्रा, राजस्थानात त्याला तिबरसा म्हणतात. गोमाशीच्या चाव्यातून रक्तात परजीवी शिरतात, ताप येऊन-जाऊन राहतो आणि उंट खंगत जातो. ग्रिफिथ इव्हान्सनं १८८० मध्ये डेरा इस्माईल खान इथे हे परजीवी पहिल्यांदा पाहिले. जुने राईका उंटाच्या मुतानं भिजलेली वाळू हुंगून हा रोग ओळखतात. तुम्हाला ते जमणार नाही, तेव्हा निघण्यापूर्वी रक्त तपासून घ्या. पावसाळ्यात पाणथळ, माशांच्या जागी मुक्काम टाळा. ताप मोजायचा तर रोज एकाच वेळी मोजा, नाहीतर वर सांगितलेला सकाळ-दुपारचा निरोगी फरक तुम्हाला आजार वाटेल. खरूज झालेला उंट वेगळा बांधा, त्याचं पलाण आणि झूल दुसऱ्याला वापरू नका.

नववा टप्पा: परवानगी आणि परतणी

जैसलमेर, बाडमेर, बिकानेरच्या सीमेलगतच्या अधिसूचित पट्ट्यात प्रशासनाच्या परवानगीशिवाय जाता येत नाही. मार्ग आखण्यापूर्वी ते बघा. राजस्थानात उंट राज्यप्राणी आहे आणि २०१५ च्या कायद्यानुसार त्याला राज्याबाहेर नेण्यावर निर्बंध आहेत, त्यामुळे उंट विकत घेऊन आपल्याकडे आणायचा बेत असेल तर तो सोडून द्या. देशातल्या उंटांची संख्या २०१२ ते २०१९ या दोन पशुगणनांच्या दरम्यान चार लाखांवरून अडीच लाखांवर आली. चांगले ओझ्याचे उंट आणि त्यांना ओळखणारे राईका, दोन्ही आता शोधावे लागतात. बिकानेरजवळ राष्ट्रीय उष्ट्र अनुसंधान केंद्र आहे, तिथे जातींची आणि आजारांची खात्रीची माहिती मिळते.

परतल्यावर उंटांना काही दिवस नुसतं चरायला सोडावं लागतं, मदार पुन्हा भरेपर्यंत त्यांच्यावर ओझं नको. भाड्याचा करार करताना या दिवसांचे पैसे मालकाला आधीच कबूल करा आणि लिहून द्या. नाहीतर तो दुसऱ्याच दिवशी तेच उंट पुढच्या गिऱ्हाईकाला देतो, आणि त्यालाही दोष देता येत नाही.